हार्ड डिस्क द्यायच्या आधी पैसे खात्यात घ्या

१४ वर्षं कॅमेरा चालवतोय, आणि तरी असा फसलो हे सांगायला लाज वाटते. कोल्हापुरात सगळे एकमेकांना ओळखतात म्हणून दोन महिने गप्प होतो, पण मला फसवणारा तो निर्माता पोरगा आता दुसऱ्या डीओपींना, म्हणजे सिनेमाच्या कॅमेरामननांना, फोन करतोय असं कळलं.

स्वतंत्र सिनेमा, ११ दिवस, पन्हाळा आणि मसाई पठार. फी १,२०,००० ठरली, २०,००० ॲडव्हान्स लगेच आला. मग म्हणाला, "दादा, आमच्या कंपनीचे कागद अडकलेत, कॅमेरा तुमच्या नावावर घ्या की." एफएक्स ६ कॅमेरा आणि लेन्स, रोज ८,५०० प्रमाणे ९३,५०० माझ्या खात्यातून गेले, असिस्टंटचे १६,५०० पण मीच दिले. स्वतःच्या नावावर भाड्यानं काहीही घेऊ नका, कुणासाठी पण.

चौथ्या दिवशी जेवणवाला सेटवर येऊन सगळ्यांसमोर पैसे मागत होता. तिथंच कॅमेरा पेटीत घालायला पाहिजे होता. मी ऐकलं, आणि ऊन चाललंय म्हणून पुढचा शॉट लावला. कळत नव्हतं असं नाही ओ, पण छोट्या सिनेमात पैशाची ओढाताण असतेच, आणि स्क्रिप्ट खरंच चांगली होती, लग्नाच्या शूटिंगवर घर चालवणाऱ्याला असं काम वर्षानुवर्षं मिळत नाही.

शेवटच्या रात्री २,१०,००० चा चेक दिला आणि फुटेजच्या दोन्ही हार्ड डिस्क घेऊन गेला. चेक बाउन्स. खातं त्याच्या मेव्हण्याचं, ते पण मी नंतर बघितलं. चेकवरचं नाव वाचा रे!

पोलीस म्हणे हा दिवाणी मामला. दुसऱ्या ठाण्यात, तो पुण्याचा ना, मग पुण्यात जा. तिसऱ्यांदा गेलो तर साहेब बंदोबस्ताला. झीरो एफआयआर, म्हणजे हद्द न बघता नोंदवायची तक्रार, कुठल्याही ठाण्यात घेतात हे मला वकिलाकडून कळलं, पोलिसांतल्या एकानं पण तोंडातून काढलं नाही. सिनेमावाल्यांच्या संघटनेकडे गेलो तर तुम्ही मेंबर नाही म्हणून विषय बंद. यात २६ दिवस गेले, आणि चेक परत आल्याचा बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस गेली नाही तर कलम १३८ ची, म्हणजे चेक बाउन्सची, केसच उभी राहत नाही! चार दिवस उरले असताना नोटीस गेली. नोटीस पोचल्यावर चेकवाल्याला १५ दिवस, तेवढ्यात पैसे आले नाहीत तर पुढच्या महिन्याभरात कोर्टात तक्रार. त्यासाठी पुण्याला जावं लागत नाही, आपलं खातं ज्या शाखेत आहे तिथलंच कोर्ट चालतं.

केस आता मेव्हण्यावर आहे, ज्याला मी कधी बघितलं पण नाही. आणि गेल्या आठवड्यात टीझर आला, पठारावरचा माझा पहाटेचा शॉट, खाली छायाचित्रण म्हणून दुसऱ्याच कुणाचं नाव.