कोरी लिथियम बॅटरी म्हणून इलेक्ट्रिक गाडीतले जुने सेल गळ्यात मारतायत, सावध राहा

सिन्नरला माझं मेडिकल आहे, इन्सुलिन 2 ते 8 डिग्रीत ठेवावं लागतं त्यामुळे लाइट गेली की फ्रिज इन्व्हर्टरवर, म्हणून 12.8 व्होल्ट 100 एएचची (एएच म्हणजे अँपिअर-अवर, बॅटरीत किती वीज मावते त्याचं माप) लिथियम बॅटरी घेतली. विक्रेता म्हणाला एकदम कोरी आहे, 5 वर्षं वॉरंटी, समोर मीटर लावून 13.3 व्होल्ट दाखवले आणि मोबाइलवर अ‍ॅप उघडून 100 टक्के.

यातली गोम नीट समजून घ्या. एलएफपी म्हणजे लिथियम बॅटरीचाच एक प्रकार, माझी तीच. हा सेल निम्मा झिजलेला असला तरी फुल चार्ज केला की व्होल्टेज नव्या सेलएवढंच दाखवतो, आणि अ‍ॅपमधला 100 एएचचा आकडा बीएमएसमध्ये (बॅटरीवर लक्ष ठेवणारं, गरज पडली की ती बंद करणारं सर्किट) हाताने टाकता येतो, नवा बीएमएस बसवला की चार्ज-डिस्चार्जच्या सायकल पण शून्यापासून मोजायला लागतात!! म्हणजे मीटर आणि अ‍ॅप दोन्हीवरून काहीच कळत नाही.

एका रात्री लाइट गेली आणि बॅटरी मध्येच खटकन बंद, सकाळी फ्रिज गरम, इन्सुलिन फेकून द्यावं लागलं. वॉरंटीचा फोन केला तर रोज उद्या येतो, मग फोनच बंद. शेवटी ई-रिक्षाच्या बॅटऱ्या करणाऱ्या एका पोराकडे नेली. त्याने झाकण काढलं, वरचं निळं प्लास्टिक नवंकोरं, पण ते फाडल्यावर खाली क्यूआर कोड खरवडलेला, टर्मिनलवर जुनं वेल्डिंग घासून काढल्याच्या खुणा, आणि चारपैकी एक सेल पोट सुटल्यासारखा फुगलेला. म्हणाला, काका हे गाडीतून काढलेत, हा एक सेल आधी खाली बसतो म्हणून बीएमएस सगळंच बंद करतो. टेस्टरवर लावली तर 100 च्या जागी 57 एएच!

जुने सेल वापरणं वाईट नाही, उलट चांगलंच आहे, गाडीत क्षमता 70-80 टक्क्यांवर आलेला सेल सोलर किंवा इन्व्हर्टरला अजून काही वर्षं चालतो. पण मग तसं सांगा ना, तपासून, क्षमता लिहून, त्या भावात विका. एलएफपीत कोबाल्ट-निकेल नसल्याने भंगारात भाव कमी मिळतो, त्यामुळे रिसायकलला देण्यापेक्षा नवं प्लास्टिक चढवून विकण्यात जास्त पैसा आहे, माझ्या मते खरं कारण हेच.

घेताना बिलावर सेल नवे की वापरलेले, एएच आणि सिरीयल नंबर लिहूनच घ्या. सेकंड लाइफ म्हणजे वापरलेले सेल म्हणून विकत असेल तर 2022 च्या बॅटरी कचरा नियमांनुसार रिफर्बिशरला (जुन्या बॅटऱ्या दुरुस्त करून विकणाऱ्याला) प्रदूषण नियंत्रण मंडळाकडे नोंदणी लागते, तो कागद मागा. घरी आणल्या आणल्या फुल चार्ज करून 100 वॅटचा साधा बल्ब लावून ठेवा, इन्व्हर्टरचा लॉस धरूनही दहा तासांच्या आसपास चालायलाच पाहिजे, सहा तासांत बसली तर लगेच परत करा. फुगलेला सेल भंगारवाल्याला देऊ नका, ते हातोड्याने फोडतात आणि त्याने आग लागू शकते.

मी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन 1915 वर तक्रार टाकली आहे, बिल आणि उघडलेल्या बॅटरीचे फोटो जोडलेत. तुमच्याकडे अशी बॅटरी आली असेल तर तुम्हीही टाका, आणि तोपर्यंत ती झोपायच्या खोलीत ठेवू नका.