हिरवळीवरचा डान्स फ्लोअर : भाड्याने घेतलेल्या सेवेचा अनुभव

उघड्या हिरवळीवर नाचण्यासाठी तात्पुरता लाकडी फ्लोअर बसवून देणारी सेवा आम्ही घरातल्या लग्नासाठी घेतली होती, आणि पुन्हा वेळ आली तर मी त्याच मंडळींना बोलावीन. त्याचे कारण फ्लोअर दिसायला कसा होता हे नसून त्याच्या खाली त्यांनी काय केले हे आहे. अशा सेवांची माहितीपत्रके पाहिली तर त्यांत वरच्या पृष्ठभागाचीच छायाचित्रे असतात. बुद्धिबळाच्या पटासारखे काळे-पांढरे चौकोन, चकचकीत पांढरा रंग, लाकडी नक्षी, यांतून निवड करायची असते. खाली काय घालणार हे मात्र विचारल्याशिवाय कोणी सांगत नाही. लांबून सपाट वाटणाऱ्या हिरवळीत खळगे असतात, उंचवटे असतात, पाणी धरून ठेवणारे ओलसर भाग असतात. सभागृहाच्या पक्क्या जमिनीसाठी बनवलेली पॅनेल तशा जागेवर नुसती अंथरली, तर लोक नाचू लागल्यावर थोड्याच वेळात सांधे उघडू लागतात आणि त्या फटींत टाचा अडकतात.

आधी जागा पाहायला त्यांचा मुकादम आला. त्याने सरळ धारेची एक लांब पट्टी हिरवळीवर वेगवेगळ्या दिशांनी ठेवून, तिच्यावर पाणसळ धरून उतार तपासला आणि आम्ही ठरवलेली जागा नाकारली. ‘‘पाऊस पडला किंवा कोणी बागेला पाणी दिलं, तर ते सगळं इथेच येऊन थांबेल,’’ असे त्याने स्पष्ट सांगितले आणि फ्लोअर थोडा वरच्या अंगाला सरकवला. गवत काही दिवस आधी आखूड कापून कापलेले सगळे उचलून घ्या, आणि निदान दोन दिवस आधी पाणी देणे बंद करा, असेही त्याने बजावले. तुषार सिंचनाची तोंडे आणि जमिनीखालचे नळ कुठे आहेत हे विचारून त्या जागी खुणेच्या काठ्या रोवायला लावल्या, कारण मांडवाच्या खुंट्या ठोकताना नळ फुटला की ऐन वेळी फ्लोअरखाली चिखल होतो. या भेटीचे वेगळे पैसे घेतले जात असतील तरी ते द्यावेत, असे माझे मत आहे.

आकाराच्या बाबतीतही त्यांचा सल्ला प्रामाणिक होता. नाचणाऱ्या एका माणसाला साधारण 4 ते 5 चौरस फूट जागा लागते आणि सगळे पाहुणे एकाच वेळी नाचत नाहीत. एक तृतीयांश ते निम्मे लोक एका वेळी फ्लोअरवर येतील असे धरले जाते. म्हणजे 150 पाहुण्यांसाठी 15 बाय 15 ते 18 बाय 18 फूट एवढा फ्लोअर पुरतो. आम्ही याहून बराच मोठा मागितला होता. त्यांनी तो लहान करायला सुचवले, म्हणजे स्वतःचेच भाडे कमी करून घेतले. मोठ्या रिकाम्या फ्लोअरवर पहिले पाऊल टाकायला लोक संकोचतात, हे त्यांचे म्हणणे मला पूर्ण पटले.

बसवण्याचे काम मी शेजारी उभे राहून पाहिले. गवतावर आधी जाड प्लॅस्टिक, म्हणजे जमिनीतली ओल लाकडात चढत नाही. त्यावर 18 मिलिमीटर जाडीचे, 8 बाय 4 फुटांचे प्लायवूडचे तक्ते, एका ओळीचे सांधे दुसऱ्या ओळीच्या सांध्यांसमोर येणार नाहीत अशा बेताने. प्रत्येक तक्त्याच्या कोपऱ्यांवर एक कारागीर टाच दाबून उभा राहत होता, आणि कोपरा जरा जरी दबला तरी तक्ता उचलून खाली पातळ लाकडी पाचर सरकवत होता. एका कोपऱ्यात त्याने तीन पाचरी घालून पाहिल्या, त्यांतली एक काढून घेतली, पुन्हा टाच दाबली आणि मगच पुढे गेला. हे काम कंटाळवाणे असते आणि लग्नाच्या छायाचित्रांत ते कधी दिसणार नसते. रात्री फ्लोअर न डुगडुगता टिकला तो मात्र याच कामामुळे. त्यानंतर 3 बाय 3 फुटांची पॅनेल एकमेकांच्या खाचेत बसवून, ॲलन चावीने (षटकोनी टोकाच्या चावीने) पॅनेलच्या आतली कुलपे आवळून, शेवटी दोन्ही कर्ण मोजून काटकोन तपासला गेला. ध्वनियंत्रणेच्या वायरी त्यांनी फ्लोअरखालून जाऊ दिल्या नाहीत, बाजूने वळवून नेल्या, हेही योग्यच झाले.

एकमेकांत खटकन बसणाऱ्या, फूटभर लांबी-रुंदीच्या प्लॅस्टिकच्या फरशांचा पर्यायही त्यांच्याकडे होता. तो हलका असतो, लवकर बसतो, पाणी खालून निघून जाते. परंतु त्या फरशा जमिनीच्या प्रत्येक उंचसखल भागाबरोबर वाकतात, त्यामुळे खाली प्लायवूड घालणार नसाल तर हिरवळीवर मी तो सुचवणार नाही.

तक्रार आहे ती कडेच्या पट्ट्यांची. चारही बाजूंना उतरत्या ॲल्युमिनियमच्या पट्ट्या लावण्याचे ठरले होते. प्रत्यक्षात एका बाजूपुरत्या त्या कमी पडल्या आणि तिथे गालिचाचा तुकडा चिकटवून वेळ मारून नेली गेली. फूटभर उंचीची पायरी माणसाच्या लक्षात येते, पण अंधारात दीड-दोन इंचांची कड अजिबात दिसत नाही आणि म्हातारी माणसे तिथेच अडखळतात. आम्हाला त्या बाजूला कुंड्यांची रांग लावून वाट बंद करावी लागली. बाकी तीन बाजूंनी चाकांची खुर्ची सहज वर चढत होती, म्हणून तर ही हयगय अधिक खटकली.

दवाचा विचार त्यांनी आधीच केला होता, याचे मला विशेष कौतुक वाटते. निरभ्र, वारा पडलेल्या रात्री उघडा पृष्ठभाग भोवतालच्या हवेपेक्षा थंड होतो आणि त्यावर दव धरते. गुळगुळीत लाखेच्या थरावर तेवढा ओलावा पाय घसरायला पुरेसा असतो. डोक्यावर छत असले तर दव कमी पडते, म्हणून त्यांनी मांडवाचे छत पूर्ण फ्लोअरवर येईल असे बांधायला लावले होते. शिवाय नाच सुरू होईपर्यंत फ्लोअर ताडपत्रीखाली झाकून ठेवला, आणि नंतरही एक मुलगा कोरडी सुती फडकी घेऊन अधूनमधून कडा पुसत होता.

फ्लोअर उचलल्यावर गवत दबलेले होते, पण हिरवे होते. प्लॅस्टिक आणि लाकूड यांच्याखाली उन्हात उष्णता कोंडते आणि कडक उन्हाचा एक दिवसही गवत करपवायला पुरतो, त्यामुळे त्यांनी तो लग्नाच्या दिवशी बसवून दुसऱ्या दिवशी ऊन चढण्याआधी काढला. आमच्या करारात बसवण्याची वेळ लिहिलेली होती, काढण्याची नव्हती. ती आम्ही आग्रहाने लिहून घेतली, आणि हिरवळ दुसऱ्याच्या मालकीची असेल तर तुम्हीही ती तारीख व तासासह लिहून घ्यावी.