संयुक्त महाराष्ट्र वॉक, फोर्ट : ३ स्टार, तेही गाइडसाठी

फोर्टमधला संयुक्त महाराष्ट्र चळवळीवरचा वॉक केला. ग्रुपचं नाव लिहीत नाही, पोरं मेहनती आहेत, उगाच कशाला. माणशी ५०० रुपये आणि शेवटी कटिंग फ्री.

गाइड मुलगी बोलते मस्त. २१ नोव्हेंबर १९५५ चा मोर्चा आणि फ्लोरा फाउंटनचा गोळीबार, मग जानेवारी ५६ मध्ये नेहरूंनी मुंबई केंद्रशासित होणार म्हटल्यावर शहर कसं पेटलं, हे सगळं तिथेच उभं राहून ऐकताना काटा येतो राव. हुतात्मे १०५ की १०६ की १०७, आकडे वेगवेगळे का छापून येतात हेही तिने न लपवता सांगितलं, त्याचे मार्क वेगळे.

पण बाकी स्टोरी म्हणजे मराठी विरुद्ध गुजराती, तेव्हाचे मुख्यमंत्री मोरारजी देसाई व्हिलन, यशवंतराव मंगल कलश घेऊन आले, विषय संपला. अहो त्याच मोरारजींच्या राज्यात ऑगस्ट ५६ ला अहमदाबादेत वेगळा गुजरात मागणाऱ्या महागुजरातवाल्या पोरांवर पण गोळ्या चालल्या, तिकडेही हुतात्मे झाले, इंदुलाल याज्ञिक तिकडून लढत होते, हे आलं की स्टोरी जरा अवघड होते म्हणून गाळत असावेत.

आणि स्मारकावर मशाल धरून कोण उभंय? शेतकरी आणि कामगार. तरी गिरणी कामगार दोन वाक्यांत उरकले, एसेम जोशी एकदा, कॉम्रेड डांगे शून्य! संयुक्त महाराष्ट्र समितीकडून ५७ ला मुंबईतून खासदार झालेला माणूस. शाहीर अण्णाभाऊ साठे, अमर शेख, गव्हाणकरांचं लाल बावटा कलापथक तर नाहीच. अत्रे मात्र विनोदांसकट वीस मिनिटं आणि प्रबोधनकार ठाकरे आडनावामुळे सेफ, १९६६ ला शिवसेना आल्यानंतर ही चळवळ कोणाच्या खात्यात जमा झाली ते यावरून कळतं. मी विचारलं तर म्हणे सर, लोकांना पॉलिटिक्स नको असतं. मोर्च्यावरच्या वॉकला!!

ग्रुपमध्ये बेळगावचे एक काका होते, ते म्हणाले मग आमचं काय, बेळगाव कर्नाटकात गेलं म्हणून आम्ही १ नोव्हेंबरला अजून काळा दिवस पाळतो. त्यावर "तो मॅटर कोर्टात आहे" एवढंच गाइड म्हणाली, आणि चला पुढे.

मुलांना घेऊन जायला चांगला आहे, रविवारी सकाळची बॅच घ्या, ट्रॅफिक नसतं म्हणून ऐकू तरी येतं. माइक मात्र बदला रे.