सागवानी बाकाला टीक ऑइल: एका पावसाळ्यानंतरचा अनुभव

उन्हाळ्यात लावलेलं टीक ऑइल पावसाळ्यात कसं टिकतं, ते आता पाहून झालं. बसायच्या फळ्यांवर पैसे पाण्यात गेले, पायांच्या तळाशी मात्र पै न् पै वसूल झाली.

बाक जुन्या सागाचं आहे. कोथरूडला आमच्या अंगणात, शहाबादी फरशीवर, बारा महिने उघड्यावर. फळ्या १२० नंबरच्या पॉलिश पेपरने रेषेरेषेने घासल्या, पुसल्या आणि तेलाचे दोन हात दिले. मे महिन्यात रंग असा खुलला की मी शेजारच्या काकूंनाही हाच डबा घ्यायला सांगितलं. श्रावणात त्याच फळ्यांवर बुरशीचे काळे ठिपके उठले. तेल न लावलेल्या मागच्या पट्ट्या करड्या पडल्या, पण स्वच्छ राहिल्या.

टीक ऑइल सागातून निघत नाही. बहुतेक डब्यांत जवसाचं नाहीतर टंग नावाच्या झाडाच्या बियांचं तेल, थोडं व्हार्निश आणि पातळ करायला टर्पेंटाइनसारखं काहीतरी असतं. त्यातलं जवसाचं तेल म्हणजे बुरशीला आयतं खाद्य. माझ्या डब्यावर यातलं काय किती, याचा एक शब्द छापलेला नाही. दुकानदाराला विचारलं तर म्हणाला, "ताई, सगळे हेच नेतात." एवढे पैसे मोजणाऱ्याला आत काय आहे हे कळायलाच हवं.

हा डबा पुन्हा आणायचा नाही, असं ठरवलंच होतं. मग दिवाळीच्या साफसफाईत बाक उलटं केलं आणि मत बदललं.

लाकूड कुजायला लागतं ते पायांपासून. पायाच्या तळाशी लाकडाच्या बारीक नळ्या उघड्या असतात आणि ओल्या फरशीवरचं पाणी त्या वर ओढत राहतात. आपण मात्र सगळं तेल डोळ्यांना दिसणाऱ्या फळ्यांवर घालवतो. मे महिन्यात मी प्रत्येक पाय तेल भरलेल्या बरणीच्या झाकणात उभा केला होता आणि लाकूड तेल प्यायचं थांबेपर्यंत झाकण भरत राहिले होते. आता त्या तळांना दाभण टोचून पाहिलं, जराही रुतलं नाही. शेजारीच तेल न लावता राहिलेलं जुनं सागवानी स्टूल होतं, त्याच्या पायात ते सहज शिरलं. एवढ्या एका गोष्टीसाठी तेल लावावं, असं मी कुणालाही सांगेन. खाली रबरी बूच बसवलं तर पाय साचलेल्या पाण्यातही उभे राहत नाहीत.

फळ्यांना यापुढे तेल नाही. जुन्या, पक्क्या सागात स्वतःचंच तेल असतं. करडेपणा उन्हामुळे येतो आणि तो वरच्या पातळ थरापुरता असतो, आतलं लाकूड शाबूत राहतं. साबणाचं पाणी आणि मऊ ब्रश पुरतो. आंब्याच्या लाकडाचं बाक असेल तर हे लागू नाही, ते उघड्यावर ठेवूच नये.

पायांसाठी महागडा डबाही लागत नाही. पुण्याच्या बोहरी आळीत डबल बॉइल्ड जवसाचं तेल मिळतं, टीक ऑइलपेक्षा बरंच स्वस्त. कच्चं घेऊ नका, ते सुकायला फार दिवस घेतं.

तेलाची फडकी चुरगळून कोपऱ्यात टाकू नका. जवसाचं तेल सुकताना तापतं आणि बोळा आपोआप पेट घेऊ शकतो. फडकी अंगणात मोकळी पसरून पूर्ण वाळवा, मगच कचऱ्यात टाका.