अंपायरचा खेळ ब्राउझरवर: हसवणारा घ्यावा की मोजणारा?

आमच्या न्यू जर्सीतल्या मैदानावर यंदा दोन नवे पालक बेसबॉलच्या अंपायरिंगला तयार झाले. दोघंही क्रिकेटवर वाढलेले आणि दोघांची मुलं लिटल लीगमध्ये, म्हणजे लहान मुलांच्या बेसबॉलमध्ये. दोघांनी मला वेगवेगळ्या दिवशी एकच प्रश्न विचारला: घरी बसून नजर तयार करायची तर ब्राउझरवरचा कोणता खेळ खेळू? मी दोन्ही प्रकार भरपूर खेळलोय, एक निवडलाय आणि दुसरा जवळपास सोडलाय. ते का, हे प्रत्येकाला पार्किंगमध्ये उभ्या उभ्या सांगण्यापेक्षा एकदा लिहूनच काढतो.

नावं मुद्दाम देत नाही, कारण प्रश्न प्रकाराचा आहे. एक प्रकार हसवणारा. तुम्ही कॅचरच्या (बॅटरमागे बसलेला, आपल्या विकेटकीपरसारखा) खांद्यामागून बघता, चेंडू येतो, तुम्ही स्ट्राइक किंवा बॉल सांगता आणि मग गंमत सुरू होते. (बॅटरपुढे जमिनीवर असते ती प्लेट आणि तिच्या वरची काल्पनिक चौकट म्हणजे झोन. बॅटरने सोडलेला चेंडू झोनमधून गेला तर स्ट्राइक, नाही तर बॉल. तीन स्ट्राइकला बॅटर बाद, चार बॉलला त्याला पहिला बेस फुकट.) मॅनेजर डगआउटमधून तरातरा येतो, टोपी आपटतो, पायाने माती उडवतो, प्रेक्षक आरडाओरडा करतात आणि फारच झालं की तुम्ही त्याला मैदानाबाहेर काढता. दुसरा प्रकार मोजणारा. त्यात प्लेट असते, वर चौकट असते आणि चेंडू येतो. दोन बटणं, लगेच हिरवी खूण किंवा लाल फुली आणि शेवटी टक्के. माणूस कुठेच नाही.

मी सुरुवात मोजणाऱ्यापासून केली. एक अख्खा हिवाळा रोज रात्री तोच खेळत होतो. त्याने मला काय दिलं ते आधी सांगतो, कारण ते कमी नाही.

क्रिकेटच्या नजरेला प्लेट कळत नाही. आपल्या डोळ्यांत स्टंप्स बसलेले असतात आणि तिन्ही स्टंप मिळून रुंदी भरते ९ इंच. प्लेट आहे १७ इंच, म्हणजे जवळपास दुप्पट. शिवाय चेंडूचा नुसता काठ झोनला चाटून गेला तरी स्ट्राइक. बेसबॉलच्या चेंडूचा व्यास तीन इंचांना जेमतेम कमी. त्यामुळे चेंडूचा मध्य प्लेटच्या बाहेर जवळपास दीड इंचावर दिसत असला तरी तो स्ट्राइकच असतो. आपल्या अंगात मुरलेला ‘संशयाचा फायदा फलंदाजाला’ हा संस्कार इथे चालत नाही. पहिल्या आठवड्यात माझ्या बहुतेक चुका याच जातीच्या होत्या: कडेचा चेंडू आला की हात आपोआप बॉलकडे जायचा. लाल फुल्या खाऊन खाऊन ते सुटलं. एवढ्यासाठी मोजणाऱ्याचे उपकार मी मानतो.

दुसरी गोष्ट, मेजर लीग म्हणजे इथलं व्यावसायिक बेसबॉल बघणाऱ्यांसाठी. २०२६ च्या हंगामापासून तिथे अंपायरच्या स्ट्राइक-बॉलच्या निर्णयाला चॅलेंज करायची पद्धत आली. पिचर (चेंडू टाकणारा), कॅचर किंवा बॅटरने डोक्याला हात लावला की कॅमेऱ्यांनी टिपलेली जागा पडद्यावर येते. सुरुवातीला प्रत्येक संघाला दोन चॅलेंज. दावा खरा ठरला तर ते शिल्लक राहतं. त्या यंत्राचा झोन बॅटरच्या उंचीवरून ठरतो: वरची रेघ उंचीच्या ५३.५ टक्क्यांवर, खालची २७ टक्क्यांवर, आणि निकाल लागतो चेंडू प्लेटच्या पुढच्या-मागच्या कडांच्या बरोबर मधे असताना कुठे आहे त्यावर. मोजणाऱ्या खेळातली सपाट चौकट या यंत्राच्या बरीच जवळ जाते. टीव्हीसमोर बसून हा चॅलेंज टिकेल की नाही याचा अंदाज बांधायचा असेल, तर त्याचा सराव नक्की उपयोगी पडतो.

मग सोडला का? घड्याळामुळे.

मी खेळायचो त्या खेळात लवकर उत्तर दिलं की जास्त गुण मिळायचे. चेंडू प्लेटवर पोचायच्या आत बटण दाबलं तर अजून जास्त. कोपऱ्यात एक पट्टी भराभर रिकामी होत जायची आणि ती बघून बोट शिवशिवायचं. सुरुवातीला यात काही वावगं वाटलं नाही. ताशी ९० मैलांचा चेंडू हातातून सुटल्यापासून प्लेटपर्यंत साधारण ०.४ सेकंदात येतो, तेव्हा चपळाई हवीच असं मला वाटायचं. महिन्याभरात मी चेंडू अर्ध्या वाटेत असतानाच ठरवायला लागलो. टक्केही चांगले पडत होते, कारण सरळ येणारे चेंडू अर्ध्या वाटेतही ओळखता येतात.

एप्रिलमधला एक शनिवार. तिसरी इनिंग, दोन बाद, तीन बॉल दोन स्ट्राइक. बॅटिंगला दहा वर्षांचा एक मुलगा, हेल्मेट थोडं मोठं झालेलं. लिटल लीगमध्ये पिचर ४६ फुटांवरून टाकतो आणि त्या वयातले चेंडू सरळ येत नाहीत; कमान करून येतात आणि शेवटी धपकन खाली बसतात. तसाच एक चेंडू सुटला. कमरेच्या उंचीवर, अगदी मधोमध दिसत होता. मी “स्ट्राइक!” म्हणून हात वर केला आणि त्यानंतर चेंडू बसला. कॅचरने तो घोट्याजवळून, मातीला टेकता टेकता उचलला. त्या मुलाने बॅट फिरवलीच नव्हती, बरोबर सोडला होता चेंडू. त्याने मागे वळून माझ्याकडे पाहिलं, काही बोलला नाही, बॅट खांद्यावर ठेवली आणि चालू लागला. त्याच्या कोचने आवाजही चढवला नाही. कुंपणाजवळून एवढंच म्हणाला, “ब्लू, शेवटपर्यंत बघा.” इथे अंपायरला ‘ब्लू’ म्हणतात.

त्या रात्री खेळ उघडला आणि ती पट्टी रिकामी होताना दिसली तेव्हा लक्षात आलं की हात त्या पट्टीने चालवला होता. जुने अंपायर नव्यांना पहिल्या दिवशी हेच सांगतात: चेंडू ग्लव्हमध्ये जाईपर्यंत डोळ्यांनी सोबत न्या, मनात निर्णय वाचा, मग तोंड उघडा. खेळ नेमकं उलटं शिकवत होता आणि मी तीन महिने मन लावून ते शिकलो होतो. सगळ्याच मोजणाऱ्या खेळांत घड्याळ असतं असा माझा दावा नाही. एखाद्यात ते बंद करायची सोय असेलही. तशी मिळाली तर माझी निम्मी तक्रार मिटेल. पण गुण आणि टक्के हेच जिथे सर्वस्व आहे तिथे घाई कुठल्या ना कुठल्या वाटेने शिरतेच, असा माझा अनुभव.

हसवणारा खेळ मी आधी पोरांसाठीचा म्हणून बाजूला ठेवला होता. माझा मुलगा तो खेळून गडाबडा लोळायचा. एका रविवारी त्याच्याबरोबर बसलो आणि पाचव्या-सहाव्या चेंडूलाच फरक जाणवला: इथे घाईला बक्षीस नाही. चेंडू कॅचरच्या ग्लव्हमध्ये ‘थप्प’ करून बसतो, त्यानंतर अख्खं मैदान क्षणभर तुमच्याकडे बघत थांबतं. तुम्ही गप्प राहिलात तर प्रेक्षकांची कुजबुज वाढत जाते, पण गुण कापले जात नाहीत. बटण दाबून धरलं की “स्ट्राऽऽऽइक” लांबत जातो. हलकं टिचकवलं की नुसता पुटपुटलेला “बॉल”. खरी पद्धतही हीच. स्ट्राइकला अंपायर उठतो, हात करतो, आवाज देतो. बॉलला वाकलेल्या जागेवरूनच म्हणतो, हातवारे नाहीत. विनोदासाठी केलेल्या या एका गोष्टीने माझी घाई तीन-चार आठवड्यांत बरीच उतरवली.

दुसरं म्हणजे जागा. हसवणाऱ्या खेळात नजर कॅचरच्या खांद्यावरून जाते, बॅटर आणि कॅचर यांच्यामधल्या फटीतून. अंपायर त्याला स्लॉट म्हणतात आणि खरोखर तिथेच उभे राहतात. त्या फटीतून आतली कड स्वच्छ दिसते आणि बाहेरचा खालचा कोपरा दूर पडतो. तो कोपरा सगळ्यांत अवघड, खेळातही आणि मैदानातही. मोजणाऱ्यात कॅमेरा बरोबर मधोमध असल्याने हे अवघडपण कळतच नाही. तिथे चारही कोपरे सारखेच सोपे किंवा सारखेच कठीण.

आणि तिसरं, चुकीनंतरचा चेंडू. मोजणाऱ्यात लाल फुली येते आणि जाते. हसवणाऱ्यात मॅनेजर येऊन तोंडासमोर हातवारे करतो, प्रेक्षक ओरडत राहतात आणि त्या कल्लोळातच पुढचा चेंडू सुटतो. खरं कसोटीचं ठिकाण हे आहे. २ जून २०१० ची डेट्रॉइटची गोष्ट बेसबॉल बघणाऱ्या प्रत्येकाला माहीत असते. पिचर अर्मांडो गलारागाने २६ जणांना ओळीने बाद केलेलं, सत्ताविसावाही पहिल्या बेसवर बाद होता, आणि अंपायर जिम जॉइसने ‘सेफ’ म्हणजे नाबाद दिलं. एकालाही बेसवर पोचू न देता सगळे २७ बाद करायचा ‘परफेक्ट गेम’ गेला. चित्रफीत बघितल्यावर जॉइसने चूक उघड कबूल केली, माफी मागितली. दुसऱ्याच दिवशी त्याची पाळी प्लेटमागे होती आणि गलारागा स्वतः लाइनअप कार्ड, म्हणजे संघातल्या खेळाडूंची यादी, घेऊन त्याच्याकडे गेला. मला त्या कार्डाइतकंच त्यानंतरच्या पहिल्या चेंडूचं अप्रूप वाटतं. डोळे ओले असताना जॉइसने तो कसा पाहिला असेल? माझ्या पातळीवरची चूक फारच लहान होती, तरी त्या मुलानंतरचे चार-पाच चेंडू मी धड पाहिलेच नाहीत. गोंधळातही पुढच्या चेंडूवर नजर परत आणायची सवय मला हसवणाऱ्याने लावली.

त्याचे दोषही आहेत. भांडणाचा प्रसंग लांबतो आणि मधेच तोडता येत नाही. दहाव्यांदा तीच टोपी आपटताना बघायचा कंटाळा येतो. शिवाय तुम्ही बरोबर असलात तरी मॅनेजर भांडतोच, त्यामुळे आपलं चुकलं की नाही हे इनिंग संपेपर्यंत कळत नाही. ज्याला प्रत्येक चेंडूचा हिशोब लगेच हवा असतो त्याला हे टोचेल. मला आधी टोचत होतं, आता ते बरंच वाटतं.

हसवणारा घ्यायचा ठरवलात तर कामाला आलेल्या चार गोष्टी सांगतो. आवाज चालू ठेवा आणि ग्लव्हचा ‘थप्प’ ऐकू आल्याशिवाय बटणाला हात लावू नका. एवढ्या एका नियमाने माझ्या निम्म्या चुका गेल्या. कॅचरचा ग्लव्ह बघू नका. बाहेरचा चेंडू पकडून तो हळूच आत ओढतो, खेळातला कॅचर तर ते जास्तच करतो. चेंडू प्लेटवरून कुठून गेला तेवढंच लक्षात ठेवा. मोजणीवर लक्ष असू द्या: तीन बॉल शून्य स्ट्राइक असताना मन झोन मोठा करतं आणि शून्य बॉल दोन स्ट्राइक असताना आक्रसतं. मेजर लीगच्या अंपायरांच्या निर्णयांच्या अभ्यासातही हे दिसून आलंय, तेव्हा आपण त्यातून सुटू असं समजू नये. आणि मॅनेजरला लगेच बाहेर काढू नका. बॉबी कॉक्ससारखा मॅनेजर कारकिर्दीत दीडशेहून जास्त वेळा बाहेर काढला गेला, पण बोलून घ्यायला वेळ त्यालाही मिळायचा. खेळात त्याला थोडं बोलू दिलं की प्रेक्षक लवकर निवतात आणि पुढची इनिंग सोपी जाते, असं मला तरी दिसलं.

फोन की लॅपटॉप, हा प्रश्न मोठा नाही. फोनवर अंगठा नेमका बाहेरच्या कोपऱ्यावर येतो आणि तोच बघायचा असतो. लॅपटॉप घ्या.

आता त्या दोन पालकांबद्दल. एकाला उभं राहायची घाई नव्हती. त्याला मुलाबरोबर मेजर लीग समजून बघायची होती, झोन नक्की कुठे असतो ते हवं होतं. त्याला मी मोजणारा सुचवला. त्याच्यासाठी तोच बरोबर असेल. दुसरी, आमच्या गल्लीतली ताई, तिला दोन आठवड्यांत प्लेटमागे उभं राहायचं होतं. तिला म्हटलं, पहिले तीन-चार दिवस मोजणारा खेळ, रुंदी डोळ्यांत बसू दे, मग तो बंद कर आणि हसवणाऱ्याकडे ये. ती म्हणाली, “पण दादा, त्यात टक्के कुठे कळतात?” मी तिला आवाज मोठा करून हेडफोन लावायला सांगितले आणि पहिला चेंडू खेळायला दिला. तिने बटण चेंडू पोचायच्या आधीच दाबलं. दुसऱ्या चेंडूला थांबली.