हिगुराशीचे आठ भाग आणि ते जाडजूड हात

गेल्या महिन्यात लॅपटॉपची हार्ड डिस्क गेली. दुरुस्तीवाल्याने डेटा काढायचे पैसे आधी घेतले, डेटा काही निघाला नाही, आणि परत मागितले तर ‘तपासणीचे लागतातच’ म्हणाला. त्यात ‘हिगुराशी नो नाकू कोरो नि’ या आठ भागांच्या जपानी खेळातले माझे सगळे सेव्ह गेले. हा खेळ म्हणजे पडद्यावर चित्रांसोबत वाचायची रहस्यकथाच. सवलतीची वाट बघत एकेक भाग घेतला होता, सहावा अर्ध्यावर आला होता. जीव फार हळहळला. पुन्हा पहिल्यापासून वाचायला बसले आणि माझं मतच बदललं.

पहिल्या खेपेला सगळ्यात खटकले ते हात. लेखक र्युकिशी०७ने पात्रं स्वतः काढलीत आणि त्यांचे पंजे भाकरीएवढे आहेत. बोटांना सांधेच नाहीत. स्टीम या खेळांच्या ऑनलाइन दुकानात नवी, नेटकी चित्रंही मिळतात, म्हणून मी सगळं त्याच चित्रांवर वाचलं. ती चूक झाली. नव्या चित्रांतली रेना, गोष्टीतली एक मुलगी, चिडली तरी गोडच दिसते. जुनी रेना वहीच्या मागच्या पानावर कुणी मैत्रिणीने काढल्यासारखी, आपल्यातली वाटते. म्हणूनच ती ‘उसो दा!’, म्हणजे ‘खोटं!’, असं ओरडते तेव्हा पोटात गोळा येतो.

हिगुराशी हा दोजिन खेळ, म्हणजे हौशी मंडळींनी स्वतः बनवून विकलेलं काम. त्याचा पहिला भाग ऑगस्ट २००२ च्या कोमिकेटमध्ये, म्हणजे अशा कामांच्या जत्रेत, आला. शाळेतला खेळांचा क्लब, हरणाऱ्याला शिक्षा, उघड उघड लबाडी, असे कितीतरी तास जातात. मला ते रटाळ वाटलं होतं. आता वाटतं, गोड मुलींच्या गोष्टींची सवय झालेल्या वाचकाला त्याच सवयीत पकडायचं, ही यातली खरी टीका आहे. खेळात पर्याय निवडायची सोयही नाही. कुणालाच वाचवता येत नाही, नुसतं वाचायचं.

प्रत्येक भागानंतर मेलेली पात्रंसुद्धा गप्पा मारत बसतात आणि खुनी कोण यावर वाद घालतात. आधी मी हे पुढे ढकलायचे. वाचायला हवं होतं, कारण आपण मनात जे तर्क करतो तेच तिथे मांडले जातात आणि खोडले जातात.

गोष्टीतलं गाव धरणाविरुद्ध लढलेलं आहे, १९७९ मध्ये बांधकामाच्या मुकादमाचा खून होतो आणि मग दरवर्षी उत्सवाच्या रात्री एक मरतो, एक गायब होतो. गावात त्याला शाप म्हणतात. आपल्याकडच्या धरणग्रस्तांच्या कहाण्या ऐकलेल्या माणसाला गावाचा तो हट्ट परका वाटत नाही. पण शापापेक्षा मला बालकल्याण कचेरीचीच जास्त भीती वाटली. तिसऱ्या भागात क्लबमधल्या लहानग्या सातोकोचा काका तिला छळतो. शाळेतल्या बाई तक्रार करतात, अधिकारी घरी येतात, पोरगी ‘काही नाही’ म्हणते आणि ते परत जातात. एवढंच. सरकारी नोकरी केलेल्या माणसाने हे लिहिलंय, आणि ते कळतं.

पहिला भाग जरूर घ्या, जुन्या चित्रांवरच वाचा, आणि सेव्हची प्रत पेन ड्राइव्हवर ठेवा.

त्याच तिसऱ्या भागात केइइची, म्हणजे गोष्टीचा नायक, सातोकोच्या डोक्यावरून प्रेमाने हात फिरवतो, जसा तिचा भाऊ फिरवायचा. ती किंचाळून तो झटकते. त्याचा हात चित्रात कुठेच नाही, गोष्ट तोच सांगतोय. सात महिने मी हातांना नावं ठेवली, आणि लक्षात राहिला तो न काढलेला.