समरी दाव्यात बचावाची परवानगी: लातूरच्या एका वकिलांच्या सेवेविषयी

लातूरच्या एमआयडीसीतील आमच्या डाळमिलवर बारदान्याच्या थकीत बिलांसाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 37 खाली समरी दावा (कोर्टाच्या परवानगीशिवाय प्रतिवादीला बचाव मांडता येत नाही असा झटपट चालणारा दावा) दाखल झाला, तेव्हा ज्या वकिलांकडे आम्ही गेलो, त्यांच्या कामाविषयी मी अत्यंत समाधानी आहे. समन्स मिळाल्यापासून 10 दिवसांत हजेरी नोंदवावी लागते आणि पुढे निकालासाठीचे समन्स बजावल्यावर 10 दिवसांत शपथपत्रासह बचावाची परवानगी मागावी लागते, हे त्यांनी पहिल्याच भेटीत स्पष्ट केले. ‘माल खराब होता’ एवढ्या मोघम वाक्यावर त्यांनी भागवले नाही. उसवलेल्या पोत्यांचे फोटो, परत पाठवलेल्या मालाची बिल्टी (वाहतूकदाराची पावती) आणि डेबिट नोट (त्या मालाची रक्कम बिलातून वजा केल्याची चिठ्ठी) त्यांनी तारखेनुसार लावून घेतली. परवानगी देणे हा नियम आणि नाकारणे हा अपवाद, असे सांगणारा सर्वोच्च न्यायालयाचा 2022 चा निकालही त्यांनी जोडला. जी रक्कम आम्हाला मान्य होती, ती कोर्टात भरल्याशिवाय परवानगी मिळणार नाही, असे त्यांनी ठणकावून सांगितले. ते जड गेले, पण तोच सल्ला योग्य होता. उरलेल्या रकमेपुरती विनाअट परवानगी मिळाली. फीची पावती मात्र मागावी लागली, ती आपणहून द्यायला हवी. भेटीला जाताना दाव्याची संपूर्ण प्रत आणि खातेउतारा न्यावा, कारण त्याशिवाय ते मत देत नाहीत.